जीपीएसडी

जीपीएसडी हा जीपीएस रिसीव्हरकडून येणारी स्थान, वेग व वेळेची माहिती एकाच वेळी अनेक संगणकीय अनुप्रयोगांना पुरवणारा मुक्त-स्रोत प्रोग्राम आहे. तो मुख्यतः लिनक्स व बीएसडी कार्यप्रणालींवर वापरला जातो. मूळ प्रोग्राम रेम्को ट्रेफकोर्न यांनी लिहिला. पुढे एरिक रेमंड व गॅरी मिलर यांनी त्याचा मोठा विस्तार केला.

गरज

जीपीएस रिसीव्हर संगणकाला बहुधा यूएसबी किंवा सिरीयल पोर्टने जोडतात. हा पोर्ट एका वेळी एकाच अनुप्रयोगाने वाचावा, अशी अपेक्षा असते. नाशिकहून त्र्यंबकेश्वरला जाणाऱ्या मोटारीत लॅपटॉपवर नकाशा पाहायचा आणि त्याच वेळी मार्गाची नोंदही करायची असेल, तर अडचण येते. विंडोजमध्ये दुसऱ्या अनुप्रयोगाला तो पोर्ट सहसा उघडताच येत नाही. लिनक्समध्ये उघडता येतो. मात्र एकाने वाचलेली अक्षरे दुसऱ्यापर्यंत पोहोचत नाहीत आणि दोघांच्याही हाती तुटक माहिती येते. हा दुसरा दोष अधिक फसवा आहे, कारण तो चटकन लक्षात येत नाही.

कार्यपद्धती

जीपीएसडी पोर्टचा ताबा स्वतःकडे ठेवतो. अनुप्रयोग टीसीपी पोर्ट २९४७ वर त्याच्याशी जोडले जातात आणि प्रत्येकाला संपूर्ण माहिती जेसन स्वरूपात मिळते.

वाटपाबरोबर भाषांतराचे कामही तो करतो. बहुतेक रिसीव्हर एनएमईए ०१८३ या मानकानुसार संदेश पाठवतात. त्यात अंश व मिनिटे सलग लिहिलेली असतात. नाशिक सुमारे ७३.७९° पूर्व रेखांशावर, म्हणजे ७३ अंश ४७.४ मिनिटांवर आहे. संदेशात हे मूल्य ०७३४७.४ असे येते. वेग नॉटमध्ये असतो. जीपीएसडी हेच आकडे दशांश अंशांत व मीटर प्रति सेकंदात देतो. भारताच्या नाविक प्रणालीचे उपग्रहही त्याला ओळखता येतात, अर्थात रिसीव्हर त्या प्रणालीचा असल्यास.

मूळ मांडणीत ही माहिती त्याच संगणकापुरती मर्यादित असते. इतर संगणकांसाठी ती खुली करता येते, परंतु जीपीएसडी पासवर्ड विचारत नाही. त्यामुळे त्या नेटवर्कवरील कोणालाही वाहनाचे स्थान कळू शकते.

विंडोजवर याच कामासाठी जीपीएसगेटसारखे प्रोग्राम वापरले गेले. ते एका रिसीव्हरचे अनेक आभासी पोर्ट तयार करतात.

२०२१ मधील त्रुटी

अनेक सर्व्हर जीपीएसडीमार्फत आपले घड्याळ जुळवतात. ३.२० ते ३.२२ या आवृत्त्यांत आठवड्यांच्या गणनेची चूक होती. तिच्यामुळे २४ ऑक्टोबर २०२१ रोजी तारीख १,०२४ आठवडे मागे, म्हणजे मार्च २००२ मध्ये जाणार होती. घड्याळ इतके चुकले की सुरक्षा प्रमाणपत्रे अवैध ठरतात व लॉगिन अडते. अमेरिकेच्या सायबर सुरक्षा संस्थेने (सिसा) आधीच इशारा दिला होता. ३.२३ या आवृत्तीत ही चूक दुरुस्त झाली.