त्सिमेस : एका भाजीची वंशावळ

राजघराण्यांच्या वंशावळी आपण आस्थेनें वाचतों. एखाद्या भाजीची वंशावळ सांगूं म्हटल्यास मात्र वाचकांच्या मुद्रेवर स्मित उमटेल. तथापि ज्या लोकांस शेंकडों वर्षें राजा नव्हता, राज्य नव्हतें, आणि आज बांधलेलें घर उद्यां आपलें राहील अशी शाश्वतीहि नव्हती, त्यांचा इतिहास दरबारी कागदांत कितीसा सांपडणार? तो त्यांच्या प्रार्थनापुस्तकांत, धर्मनिर्णयांत आणि स्वयंपाकघरांत शोधावा लागतो. मध्य व पूर्व युरोपांतील ज्यू लोकांच्या, म्हणजे ज्यांस अश्केनाझी म्हणतात त्यांच्या, चुलीवर शिजत आलेली ‘त्सिमेस’ नांवाची गोड भाजी हें असेंच एक ऐतिहासिक साधन आहे, आणि तें लक्षपूर्वक वाचलें असतां बरेंच कांहीं सांगतें.

प्रथम पदार्थाची ओळख करून घेऊं. गाजरें सोलून त्यांच्या गोल चकत्या करतात. गाजरांच्या सुमारें चौथाईनें सुकविलेले आलुबुखार आणि मूठभर मनुका घेतात. जाड बुडाच्या भांड्यांत कोंबडीची किंवा हंसाची चरबी वितळवून तींत चकत्या परततात. मग मध किंवा साखर, चिमूटभर मीठ, आणि गाजरें जेमतेम बुडतील एवढेंच पाणी घालून भांडें मंद विस्तवावर ठेवतात. सणावारीं गाईच्या छातीकडील मांसाचा तुकडा आधीं दोन-तीन तास शिजवून घेऊन त्यावर हीं गाजरें व फळें रचतात. या कामांत घाई चालत नाहीं. पाणी आटून त्याचा पाक होतो, गाजरांस तकाकी येते, आलुबुखार फुगून मऊ पडतात, आणि गोड, आंबट व खारट हे तीन रस एकजीव होतात. कोणी शेवटीं चरबींत परतलेलें थोडें पीठ लावून रस दाट करतात. वल्हांडणाच्या सणांत तसें पीठ वर्ज्य असल्यामुळें तेव्हां तें वगळतात. सोलणें, चिरणें आणि भांड्याशीं उभें राहणें यांत गृहिणीचा अर्धा दिवस जातो. यिद्दिश भाषेंत क्षुल्लक गोष्टीचा बाऊ करणाऱ्यास ‘त्सिमेस करतो’ असें म्हणतात, त्याचें कारण कांहीं लोक या खटाटोपांतच शोधतात.

या पाककृतींत दोन प्राचीन नियम उघड दिसतात. ज्या भोजनांत मांस आहे त्यांत दुधाचा किंवा लोण्याचा स्पर्शहि ज्यू धर्मशास्त्रास मान्य नाहीं. म्हणून जर्मन किंवा पोलिश शेजारीण जेथें लोणी अथवा डुकराची चरबी वापरी, तेथें ज्यू गृहिणी हंसाची किंवा कोंबडीची चरबी वापरूं लागली. दुसरा नियम शब्बाथचा. शुक्रवारच्या सूर्यास्तापासून शनिवारच्या रात्रीपर्यंत विस्तव पेटवावयाचा नाहीं, अन्न शिजवावयाचें नाहीं. साहजिकच आदल्या दिवशीं शिजवून उबेंत ठेवलें असतां बिघडणार नाहीं, उलट अधिक मुरेल, असेंच अन्न त्या घरांत प्रतिष्ठा पावलें. त्सिमेस हें त्यांपैकीं एक होय.

परंतु या भाजीचा खरा मान शब्बाथपेक्षांहि वर्षप्रतिपदेच्या दिवशीं, म्हणजे रोश हशानाच्या सणाला असतो. नववर्षाच्या पहिल्या घांसाला अर्थ असावा ही कल्पना गुढीपाडव्यास कडुलिंबाचें पान तोंडांत घालणाऱ्या आपल्या लोकांस नवी वाटणार नाहीं. ज्यू लोकांत ती फार जुनी आहे. चौथ्या शतकांत बाबिलोनियांतील पुंबेदिता येथील विद्यापीठाचा प्रमुख अबये यानें नववर्षारंभीं भोपळा, रुबिया, कांद्याच्या जातीची एक पात, बीटाचा पाला आणि खजूर या पांच वस्तु शुभशकुन म्हणून घ्याव्या असें सांगितल्याचें तल्मुदांत नमूद आहे. याच पांच कां, याचें उत्तर पुढील भाष्यकारांनीं दिलें. प्रत्येकीच्या नांवांत एक श्लेष दडलेला आहे. ‘रुबिया’ या शब्दाचें ध्वनिसाम्य ‘वृद्धि होवो’ या अर्थाच्या क्रियापदाशीं आहे. म्हणून ती खातांना आमचें पुण्य वाढो अशी प्रार्थना करावयाची. रुबिया म्हणजे नेमकी कोणती वनस्पति याविषयीं मात्र एकवाक्यता नाहीं. अकराव्या शतकांत फ्रान्समधील त्र्वा येथें होऊन गेलेला थोर भाष्यकार राशी याच्या मतें ती मेथी. इतर कित्येकांच्या मतें चवळी.

हें श्लेषाचें प्रकरण पोरखेळ म्हणून सोडून देण्याची आपल्याला तरी मुभा नाहीं. मराठींत ‘वाढणें’ या एकाच क्रियापदांत पानांत अन्न घालणें आणि वृद्धि पावणें हे दोन्ही अर्थ सुखानें नांदतात. नारळ फुटला तरी तो आपण ‘वाढविला’च म्हणतों. शब्द उच्चारला म्हणजे त्याच्या अर्थाचा कांहीं अंश वस्तूला चिकटतो, ही श्रद्धा आपल्याहि घरांत आहे.

आतां हा अरमाइक श्लेष युरोपांत कसा टिकला तें पाहूं. ऱ्हाइन नदीच्या कांठीं स्पायर, वर्म्स व माइंझ या नगरांत वसलेल्या ज्यू लोकांनीं तेथील जर्मन बोली उचलली, तींत हिब्रू व अरमाइक शब्द मिसळले आणि ती हिब्रू लिपींत लिहिली. हीच यिद्दिश. तिचें सालवार उपलब्ध असलेलें सर्वांत जुनें वाक्य १२७२ सालच्या, वर्म्सच्या नांवानें प्रसिद्ध असलेल्या प्रार्थनाग्रंथांत आहे. या भाषेंत गाजरांस ‘मेर्न’ म्हणतात, आणि ‘मेर्न’ या क्रियापदाचा अर्थ ‘वाढणें’ असाच होतो! मेथी दूर राहिली. तिच्या जागीं गाजर आलें. पोलंडमधील कालिश येथें सतराव्या शतकांत राहणारा धर्मशास्त्री अब्राहाम गोंबिनर यानें तर प्रत्येक देशांतील लोकांनीं आपापल्या भाषेंत वृद्धिवाचक ठरेल ती वस्तु खावी असा अभिप्राय देऊन या अदलाबदलीस शास्त्राधार मिळवून दिला. शिवाय गाजराच्या पिवळ्या-नारिंगी चकत्या सोन्याच्या मोहरांसारख्या दिसतात. तेव्हां पुण्याच्या जोडीला चार पैसेहि वाढोत, अशी संसारी माणसाची प्रार्थना तींत सामावली.

मात्र ‘वाढो’ या शब्दामागें केवळ धनाची हौस होती असें समजणें म्हणजे इतिहासाकडे पाठ फिरविणें होय. १०९६ सालीं पहिल्या धर्मयुद्धास निघालेल्या जमावांनीं याच ऱ्हाइनकांठच्या वर्म्स व माइंझ येथील वस्त्यांत कत्तली केल्या. पुढील शतकांत छळ, हद्दपारी आणि लूट यांनीं त्रासलेले असंख्य लोक पूर्वेकडे सरकत गेले. पोलंडांत १२६४ सालीं बोलेस्वाफ या ड्यूकनें दिलेल्या कालिशच्या सनदेनें त्यांस संरक्षण मिळालें, आणि तेथें त्यांची संख्या खरोखरच वाढली. ज्यांचीं गांवें निम्मीं रिकामीं झालीं होतीं, त्यांनीं मुलांच्या पानांत गाजरें घालतांना ‘वाढा’ म्हणावें, यांतील भाव कळावयास भाष्यकाराची गरज नाहीं.

भाजीच्या गोडीचाहि निराळा इतिहास आहे. एके काळीं गोडी मधाची व सुक्या फळांची, म्हणून ती बेताची असे. १७४७ सालीं बर्लिन येथें मार्ग्राफ या रसायनशास्त्रज्ञानें बीटांत उसासारखीच साखर असल्याचें सिद्ध केलें, आणि त्याचा शिष्य आखार्ड यानें एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीं सायलेशियांतील कुनेर्न येथें बीटापासून साखर करण्याचा पहिला कारखाना काढला. पुढें पोलंडांतहि हा धंदा फोफावला आणि साखर सामान्य घरांत शिरली. तेथील ज्यू लोक मासेहि गोड करूं लागले, तर लिथुआनियाकडील लोक मिरपूड घातलेल्या तिखट माशांवर निष्ठा ठेवून राहिले. मार्विन हर्त्झोग या भाषाशास्त्रज्ञानें १९६५ सालीं प्रसिद्ध केलेल्या अभ्यासांत, गोड व तिखट माशांची ही सीमा यिद्दिशच्या दोन बोलींच्या सीमेच्या जवळून जाते असें दाखविलें. जीभ चवीसाठीं असो कीं बोलण्यासाठीं, तिचा नकाशा एकच, असें म्हणावयास हरकत नाहीं.

१८८१ नंतर रशियन साम्राज्यांत ज्यूविरोधी दंगे उसळले, आणि तेव्हांपासून १९२४ च्या निर्बंधापर्यंत वीस लाखांहून अधिक पूर्व युरोपीय ज्यू अमेरिकेस गेले. त्यांच्याबरोबर त्सिमेसहि गेली. तेथें तींत रताळीं पडलीं, संत्र्याचा रस पडला, कोठें कोठें डब्यांतील अननसहि पडलें. मागें राहिलेल्यांचें काय झालें तें जगास ठाऊक आहे. १९३९ ते १९४५ या काळांत नाझींनीं सुमारें साठ लक्ष ज्यूंचा संहार केला, आणि त्यांतील फार मोठ्या भागाची मातृभाषा यिद्दिश होती. ज्या भाषेंत गाजर म्हणजेच वृद्धि, ती भाषा बोलणारीं गांवेंच्या गांवें नाहींशीं झालीं.

येथें इतिहासकारापुढें प्रश्न उभा राहतो. श्लेषासाठीं भाजी आली. आतां श्लेष समजणारे कान गेल्यावर भाजीचें काय व्हावें? १९४८ सालीं स्थापन झालेल्या इस्राएलांत व्यवहाराची भाषा हिब्रू झाली. हिब्रूंत गाजर म्हणजे ‘गेझेर’, आणि त्याच धातूपासून ‘न्यायनिवाडा’ किंवा ‘हुकूम’ या अर्थाचा शब्द होतो. आमच्याविरुद्धचा कठोर हुकूम फाडून टाकला जावो, ही प्रार्थना पूर्वीं भोपळा खातांना म्हणत. ती आतां कित्येक घरांत गाजर खातांना म्हणतात. पूर्वीं अर्थ कायम राहून भाजी बदलली होती. आतां भाजी कायम राहून अर्थ बदलला. परंपरा म्हणजे जसेंच्या तसें जतन करणें असें मानणाऱ्यांनीं या उदाहरणाचा विचार करावा.

आपल्या कोकणांतील बेने इस्राएलांची साक्ष याच बाजूची आहे. त्यांच्या घरीं त्सिमेस नव्हती, कारण त्यांची भाषा यिद्दिश नसून मराठी होती. परंतु नववर्षाचा दिवस त्यांनीं ‘नव्याचा सण’ म्हणून पाळला, आणि त्या दिवशीं चिकाचा हलवा नारळाच्या दुधांत शिजविला. दूध व मांस यांचा जो निषेध पोलंडांत हंसाच्या चरबीनें पाळला, तोच कोकणांत नारळानें पाळला. १९४८ नंतर त्यांतील बहुसंख्य लोक इस्राएलास गेले. एकाच देशांत आतां नववर्षास कोठें गाजराची भाजी शिजते, तर कोठें चिकाचा हलवा.

इतकें असूनहि जें गेलें त्याचा हिशेब मांडल्यावांचून हा लेख पुरा करणें प्रामाणिकपणाचें होणार नाहीं. नवा श्लेष सांपडला म्हणून जुनी भाषा परत येत नाहीं. अमेरिकेंतील कित्येक घरांतील मुलें आज त्सिमेस गोडीसाठीं खातात. तिच्या चकत्यांत एक क्रियापद आहे हें त्यांस कोणी सांगितलें तरच कळतें. पाककृति लिहून ठेवतां येते. पण तिच्यामागचें ‘कां’ बहुधा एखाद्या वृद्ध स्त्रीच्या तोंडींच असतें, आणि तें विचारून घेण्याचा काळ थोडा असतो. आपल्याहि घरांत अमुक दिवशीं अमुकच भाजी कां, याचें उत्तर ज्यांस ठाऊक आहे अशा आजीबाई अजून आहेत. पाककृतीच्या वहींत प्रमाणाशेजारीं तें उत्तरहि दोन ओळींत उतरवून घेतलें तर पुढील इतिहासकार आपला ऋणी राहील.