वेठ गेली, जमीनही गेली

तलासरी तालुक्यातल्या एका पाड्यावर साठीच्या एका वारली शेतकऱ्याने प्लॅस्टिकच्या पिशवीतून दोन कागद काढून माझ्या हातात दिले. एक फेरफाराची नक्कल, दुसरा त्याच्या आजाचा जबाब. साल १९५३. कुळाने जमीन स्वखुशीने मालकाकडे सोडली, एवढाच मजकूर आणि खाली डाव्या अंगठ्याचा ठसा. ‘स्वखुशी’ हा शब्द आजाच्या तोंडी कधी आला असेल असे मला वाटत नाही.

मी इतिहासाचा रीतसर विद्यार्थी नाही. फेरफार वाचायला मला एका निवृत्त तलाठ्याने शिकवले. त्याआधी वारल्यांचा उठाव मला ठाऊक होता तो गोदावरी परुळेकरांच्या ‘जेव्हा माणूस जागा होतो’मधून, म्हणजे आपल्यापैकी बहुतेकांना असतो तसाच. डहाणू आणि उंबरगाव (तलासरी तेव्हा उंबरगावातच होती) या तालुक्यांत लग्नासाठी काढलेल्या कर्जापायी माणूस बायकोसह सावकाराचा ‘लग्नगडी’ होई आणि आयुष्यभर राबे. सिमिंग्टन या सनदी अधिकाऱ्याने दुसऱ्या महायुद्धाच्या तोंडावर हे सरकारलाच लिहून कळवले होते. पण वेठ मोडली ती वारल्यांनी. २३ मे १९४५ रोजी झरी गावच्या सभेत ठरले : वेठ करायची नाही, बारा आण्यांखाली मजुरीला जायचे नाही. त्याच वर्षी गवतकापणीचा संप झाला. १० ऑक्टोबरला तलवाड्याला जमलेल्या जमावावर पोलिसांनी गोळ्या झाडल्या. जेठ्या गांगडसह पाच जण पडले. तरीही वेठ परत आली नाही.

या मागण्यांत मजुरी होती, माणुसकी होती. जमिनीची मालकी नव्हती. पूर्वी मला ही पुढाऱ्यांची चूक वाटे. आता वाटत नाही. ज्याची बायकोसुद्धा सावकाराच्या घरी अडकली आहे, तो आधी तिला सोडवील. सातबारा नंतर.

अडचण अशी, की ‘नंतर’ला मुदत होती. १९४८च्या मुंबई कूळ कायद्याने कुळाला संरक्षण दिले आणि मालकांना सावधही केले. बेदखल करणे अवघड झाले, तसे राजीनामे वाढले. गोखले अर्थशास्त्र संस्थेच्या वि. म. दांडेकर आणि खुदानपूर यांनी या कायद्याच्या अंमलाची पाहणी केली. त्यांचा अहवाल १९५७चा. असे राजीनामे मोठ्या प्रमाणावर झाले आणि त्यांतले बरेच खरे मानता येत नाहीत, हे त्यात स्पष्ट आहे. त्याच वर्षी १ एप्रिलला, कृषकदिनी, कसणारे कूळ कायद्याने मालक ठरले. ज्याचा अंगठा आधीच उठला होता, तो त्या दिवशी कूळच नव्हता. जे कूळ उरले त्यांनाही न्यायाधिकरणापुढे हजर राहावे लागे. नोटीस येऊनही न गेल्यास खरेदी निष्प्रभावी. मजुरीसाठी रानोमाळ फिरणाऱ्या निरक्षर माणसाला ही नोटीस कोण वाचून दाखवणार होते?

आदिवासींच्या जमिनी परत देण्याचा कायदा १९७५ साली आला. तो १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळातल्या हस्तांतरणांना लागू. १९५३चा अंगठा त्याच्या बाहेर. शिवाय आजा कूळ होता, मालक नव्हे. २००६चा वनहक्क कायदा तर वनजमिनीपुरताच, आणि ही मालकीची जमीन. एका कार्यालयात हेच उत्तर ऐकून तो माझ्याकडे आला होता. मी वेगळे काही सांगू शकलो नाही.

त्या जमिनीवर आता चिकूची वाडी आहे. हंगामात तो आणि त्याची सून तिथे फळे उतरवायला जातात, रोजाने.