बानाखत आणि बापूकाका

गेल्या आठवड्यात दांडिया बाजारातल्या जुन्या वाड्यांवरची पोस्ट वाचली आणि आमच्या घरातली एक जुनी फाईल आठवली. बडोद्यात आपण ज्याला बानाखत म्हणतो (महाराष्ट्रात साठेखत, इंदूरकडे इकरारनामा), त्याची ही फाईल.

1978 साली वडिलांनी, म्हणजे आप्पांनी, मांजलपूरला तीन हजार फुटांचा प्लॉट घ्यायचं ठरवलं. प्लॉट त्यांचे शाळासोबती बापूकाका यांचा. भाव 24,000 रुपये. पाच हजार बाना दिला, बाकी 19,000 सहा महिन्यांत द्यायचे आणि दस्तावेज करायचा. स्टॅम्पपेपरवर दोघांच्या सह्या झाल्या, काकूंनी चहा केला.

मी बी.कॉम. करून बँकेत लागलो होतो. मला वाटायचं, बानाखत झालं म्हणजे जमीन आपली झाली. तसं नसतं. 1882 च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं 54 वं कलम स्पष्ट सांगतं की नुसत्या कराराने जमिनीत हक्क निर्माण होत नाही. मिळतो तो करार पुरा करून मागण्याचा हक्क. तो मागायचा 1963 च्या विनिर्दिष्ट अनुतोष कायद्याखाली.

मुदत भरत आली तशी बापूकाकांनी टाळाटाळ सुरू केली. त्या बाजूला भाव चढले होते आणि मुलांनी त्यांचे कान भरले होते. शेवटी म्हणाले, "बाना परत घे, विषय संपव." आप्पांनी पैसे घेतले नाहीत, पण कोर्टातही जाईनात. "बापूवर दावा लावू?" एवढंच म्हणायचे. यात दोन वर्षं गेली. वकीलसाहेब माझ्यावर ओरडले, "करारात तारीख लिहिली असेल तर त्या तारखेपासून तीन वर्षं. नंतर देवही काही करू शकत नाही!" दावा दाखल झाला 1981 मध्ये, मुदत संपायला चार महिने उरले असताना. वकिलांनी लगेच दावा चालू असल्याची नोटीस रजिस्ट्रारकडे नोंदवून घेतली. मुंबई प्रांताच्या 1939 च्या दुरुस्तीमुळे महाराष्ट्र-गुजरातेत ती नोंदवलेली नसली, तर मधल्या काळात प्लॉट घेणाऱ्या तिऱ्हाइताला दावा चालू असल्याचं कारण सांगून अडवता येत नाही.

केस चालली न्याय मंदिरात. 1896 ची ती देखणी इमारत मुळात बाजारासाठी बांधलेली, हे आपल्याला माहीत आहेच. उलटतपासणीत प्रश्न एकच होता: ठरल्या वेळी तुमच्याकडे 19,000 होते का? घेणाऱ्याने आपण पहिल्यापासून तयार आणि राजी होतो हे सिद्ध करावं लागतं, कलम 16(क). आणि इथेच आमची दुखरी नस होती. ताईचं लग्न त्याच वर्षी झालेलं. आप्पांच्या पासबुकात फक्त 11,000 होते. एक ओळखीचे गृहस्थ म्हणाले, "कुणाकडून तरी उसने घेतल्याची चिठ्ठी करून टाका." आप्पा चिडले. "बापू खोटं बोलला म्हणून मी बोलू?" त्यांनी साक्षीत 11,000 च सांगितले.

उरलेल्या आठ हजारांसाठी मी साक्ष दिली. माझ्या प्रॉव्हिडंट फंडातून आगाऊ रक्कम मंजूर झाल्याचं पत्र होतं, तारीख मुदतीच्या आतली. रोकड खिशात खुळखुळायला हवी असं कायदा म्हणत नाही, ऐपत दिसली पाहिजे. ते पत्र जपून ठेवलं हे माझ्या नोकरीतलं सर्वांत मोठं काम, असं मी गंमतीने म्हणतो.

1989 ला निकाल आमच्या बाजूने लागला. तीन महिन्यांत 19,000 कोर्टात भरायचा हुकूम झाला. ते चुकलं तर करारच रद्द होऊ शकतो, म्हणून मी दुसऱ्याच आठवड्यात भरले. अपील 1994 पर्यंत चाललं, तेही फेटाळलं. तरी बापूकाका दस्तावेजावर सही करायला आले नाहीत. मग कोर्टानेच त्यांच्या वतीने नाझरकडून सही करवली. दस्त हातात आला तेव्हा आप्पा बराच वेळ त्या सहीकडे बघत बसले. "बापूचं अक्षर सुंदर होतं रे," म्हणाले.

1997 मध्ये बापूकाका गेले. महिन्याभराने काकू माझ्या शाखेत आल्या. ते 19,000 कोर्टातच पडून होते, काकांनी रागाने उचललेच नव्हते. "तू बँकेतला, तुला कळतं. अर्ज कसा करायचा ते सांग. आप्पांना नको सांगूस." वारसांचा अर्ज मीच लिहून दिला, न्याय मंदिरातही सोबत गेलो. घरी येऊन आप्पांना सांगितलं. लपवणं जमलं नाही. ते म्हणाले, "रिक्षाचे पैसे तू दिलेस ना?"

2018 पासून हा कायदा बदलला आहे. पूर्वी असा हुकूम द्यायचा की नाही, हे बरंचसं न्यायाधीशांच्या मर्जीवर असे. ती मोकळीक आता खूप कमी झाली. पण "तयार आणि राजी" होतो हे आजही सिद्ध करावंच लागतं. त्याच वर्षी कोर्टही न्याय मंदिरातून दिवाळीपुऱ्याला गेलं.

तेव्हा मंडळी, करारात तारीख लिहा, पैसे चेकने द्या, कागद जपा. आणि मित्राशी व्यवहार असेल तर दस्तावेज लवकर उरका. तुमच्या घरी अशी फाईल असेल तर जरूर लिहा.