नोटेवरचा मजकूर : भारतीय चलनी नोटांचा इतिहास आणि रचना



साहित्याच्या व्यासपीठावर नोटांचा विषय कशाला, असे आपल्यापैकी काहींच्या मनात आले असेल. माझे उत्तर साधे आहे. आपल्या देशात सर्वांत जास्त हातांतून फिरणारा छापील मजकूर कोणता? पोथी नव्हे, वर्तमानपत्र नव्हे, तर नोट. तिच्यावर अंक आहेत, चित्र आहे, सही आहे, एक वचन आहे आणि सतरा भाषा आहेत. पण आपण ती मोजतो, वाचत नाही. आज ती वाचून पाहू.

नोट येण्याआधीही आपल्याकडे कागदावर पैसा चालत होता. त्याचे नाव हुंडी. दाखवताक्षणी पैसे द्यायचे ती दर्शनी, ठरल्या मुदतीने द्यायचे ती मुदती, आणि पेठेतल्या पत असलेल्या माणसालाच पैसे मिळावेत अशी शहाजोग. हुंडी हरवली तर दुसरी प्रत लिहीत, तिला पेठ म्हणत. तीही गहाळ झाली तर परपेठ. पैसे चुकते झालेली हुंडी म्हणजे खोका. जैन, मारवाडी आणि गुजराती पेढ्यांचा सारा व्यवहार या कागदांवर चाले. चेक ‘वटला’ असे आपण आज म्हणतो तो शब्द हुंडीच्या व्यवहारातला. नावाला ‘बट्टा’ लागतो तो शब्दही सराफाच्या ओट्यावरचा. एका टांकसाळीचा रुपया दुसऱ्या मुलखात मोडताना जी कसर कापली जाई ती म्हणजे बट्टा.

हुंडीमागे एका पेढीची पत असते. नोटेमागे ती कुणाची असावी, हा प्रश्न सुटायला बराच काळ गेला. अठराव्या शतकाच्या अखेरीस कलकत्त्यात काही खाजगी बँकांनी नोटा काढल्या. पुढे बंगाल, मुंबई आणि मद्रास या तीन इलाखा बँकांना नोटा काढण्याचा अधिकार मिळाला. बँक ऑफ बेंगॉलच्या नोटांवर रक्कम उर्दू, बंगाली आणि नागरी अशा तीन लिप्यांत लिहिलेली असे. म्हणजे नोट अनेक लिप्यांत छापण्याची रीत तेव्हापासूनची. १८४० मध्ये स्थापन झालेल्या बँक ऑफ बॉम्बेच्या नोटांवर मुंबईचा टाऊन हॉल आणि माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन व जॉन माल्कम यांचे पुतळे होते. हे दोघेही पेशवाईच्या अखेरच्या पर्वाशी जोडलेले अधिकारी. ज्यांनी सत्ता घेतली त्यांचीच चित्रे व्यापाऱ्याच्या बटव्यात गेली. नोटेवर कोण दिसतो यावरून राज्य कुणाचे ते कळते.

१८५७ नंतर सरकारची तिजोरी रिकामी झाली होती. ती सावरण्यासाठी जेम्स विल्सन हे अर्थसदस्य म्हणून भारतात आले. सरकारी कागदी चलनाची योजना त्यांनी मांडली, पण १८६० मध्ये कलकत्त्यातच त्यांचा मृत्यू झाला. योजना कायद्यात उतरली ती १८६१ साली. त्या कागदी चलन कायद्याने नोटा काढण्याचा अधिकार फक्त भारत सरकारकडे आला. पहिल्या नोटांवर व्हिक्टोरिया राणीचे छोटे चित्र होते. त्या एकाच बाजूला छापलेल्या असत, कागद हातबनावटीचा आणि छपाई बँक ऑफ इंग्लंडमध्ये. त्यांच्या नकला इतक्या निघाल्या की १८६७ पासून खाली रंगीत नक्षी छापलेल्या नव्या नोटा आणाव्या लागल्या. नोटेच्या रचनेचा पुढचा सगळा इतिहास असाच आहे : नकल करणारा एक पाऊल पुढे जातो आणि छापणाऱ्याला दोन पावले टाकावी लागतात.

या नोटा देशभर सारख्या चालत नव्हत्या, ही गोष्ट आज नवलाची वाटते. देशाचे चलन-विभाग पाडले होते आणि नोट ज्या विभागातून निघाली तिथेच तिला कायदेशीर मान होता. आपल्या बाजूला नागपूर आणि अकोला ही अशी ठिकाणे होती. दूरच्या गावी तीच नोट मोडायची तर पुन्हा बट्टा आलाच. टपालाने पैसे पाठवताना व्यापारी नोट मधोमध कापून आधी एक अर्धा भाग पाठवीत आणि तो पोचल्याचे पत्र आले की दुसरा. वाटेत चोरी झाली तरी चोराच्या हाती अर्धी नोटच लागे. हा अडसर हळूहळू दूर झाला. १९०३ मध्ये पाच रुपयांची नोट ब्रह्मदेश सोडून सर्वत्र चालू लागली, १९१० मध्ये दहा आणि पन्नासची, १९११ मध्ये शंभरची. तेव्हा कुठे नोट खऱ्या अर्थाने देशाची झाली.

तरी खेड्यातल्या माणसाचा भरवसा चांदीवरच होता. रुपया दगडावर वाजवून घेता येई, कागद वाजवता येत नव्हता. हा भरवसा मोडला पहिल्या महायुद्धाने. चांदी महागली, तिची टंचाई झाली आणि नोव्हेंबर १९१७ मध्ये सरकारने एक रुपयाची नोट काढली. पाठोपाठ अडीच रुपयांचीही आली. तिच्यावर ‘दोन रुपये आठ आणे’ असा हिशेब होता. त्यांवर पंचम जॉर्ज यांचा चेहरा होता. अडीचची नोट फार काळ टिकली नाही. एक रुपयाची १९२६ मध्ये थांबली आणि १९४० मध्ये, पुन्हा एका महायुद्धात, परत आली.

यानंतर आपल्या मराठी मुलखाचा भाग सुरू होतो. तोवर नोटा विलायतेतून बोटीने येत. नाशिकला सरकारी सुरक्षा मुद्रणालय उभे राहिले आणि १९२८ पासून तिथे नोटा छापल्या जाऊ लागल्या. १९३२ पर्यंत सर्व किमतींच्या नोटा नाशिकमध्ये तयार होत होत्या. १ एप्रिल १९३५ रोजी रिझर्व्ह बँक स्थापन झाली आणि जानेवारी १९३८ मध्ये तिची पहिली नोट, पाच रुपयांची, सहाव्या जॉर्जच्या चित्रासह निघाली.

त्या नोटांवर गव्हर्नरची सही असते. ऑगस्ट १९४३ मध्ये त्या जागी पहिल्यांदा भारतीय माणूस आला : चिंतामणराव देशमुख. त्यांचा जन्म महाडजवळच्या नाते गावचा. पण आपल्याला अभिमान वाटावा तो आणखी एका कारणाने. सनदी सेवेत त्यांची नेमणूक झाली ती मध्य प्रांत व वऱ्हाडात. आपला छिंदवाडा जिल्हाही त्याच प्रांतात होता आणि आपली राजधानी नागपूर होती. वर राजाचे चित्र इंग्रजाचे आणि खाली देण्याचे वचन एका मराठी माणसाच्या सहीने, अशी ती नोट होती. स्वातंत्र्याच्या चार वर्षे आधीच ही अदलाबदल कागदावर दिसू लागली होती.

त्याच युद्धात जपान्यांनी भारतीय नोटांच्या हुबेहूब नकला काढल्या. म्हणून राजाचा बाजूने दिसणारा चेहरा बदलून समोरून दिसणारा केला आणि भारतात प्रथमच नोटेच्या कागदात सुरक्षा धागा घातला. आज आपण नोट उजेडाकडे धरून तो शोधतो.

स्वातंत्र्यानंतर राजाच्या जागी गांधीजींचे चित्र घ्यावे असा विचार झाला होता, पण निवड झाली सारनाथच्या सिंहस्तंभाची. गांधीजी नोटेवर आले ते १९६९ साली, जन्मशताब्दीच्या वेळी. त्या नोटेवर गांधीजी बसलेले आहेत आणि मागे सेवाग्राम आश्रम आहे. इथून वर्धा किती दूर? विदर्भातल्या त्या कुडाच्या, कौलारू घराला देशाच्या नोटेवर जागा मिळाली, हे आपल्यापैकी कितीजणांना ठाऊक आहे? १९८७ मध्ये पाचशेच्या नोटेवर आणि १९९६ पासून सर्वच नोटांच्या मालिकेवर गांधीजी आले. त्यांचा तो हसरा चेहरा १९४६ मधल्या एका छायाचित्रावरून घेतला आहे.

मागच्या बाजूची चित्रे तेवढीच बोलकी आहेत. १९५४ च्या हजाराच्या नोटेवर तंजावरचे मंदिर होते आणि पाच हजारांच्या नोटेवर गेटवे ऑफ इंडिया. पुढच्या काळात धरण आणि आर्यभट उपग्रह आले. देशाला स्वतःची कोणती ओळख सांगावीशी वाटत होती ते त्यातून दिसते. २०१६ नंतरच्या नोटा पुन्हा वारशाकडे वळल्या. दोनशेच्या नोटेवर आपल्या मध्य प्रदेशातला सांचीचा स्तूप आहे, तर वीसच्या नोटेवर वेरूळची लेणी. वेरूळला बौद्ध, हिंदू आणि जैन लेणी एकाच डोंगरात शेजारी शेजारी कोरलेली आहेत. माझ्यासारख्या जैन माणसाला त्या छोट्या पोपटी कागदाचे मोल त्याच्या किमतीपेक्षा जास्त वाटते.

ही नोट बनते कशी? तिचा कागद लाकडाच्या लगद्याचा नसतो, कापसाचा असतो; म्हणून खिशात भिजली तरी ती लगेच विरघळत नाही. जलचिन्ह छापलेले नसते. कागद ओला असतानाच तंतूंची जाडी कमी-जास्त ठेवून ते उठवतात. कोरलेल्या पत्र्याच्या खाचांत शाई भरून जबर दाबाने केलेली छपाई बोटाला खरखरीत लागते. नोटांचा कागद बनवणारी एक गिरणी १९६८ पासून होशंगाबादला, म्हणजे आजच्या नर्मदापुरमला आहे. आणि छापखाना देवासला, पवारांच्या जुन्या मराठी संस्थानात. नाशिक, म्हैसूर आणि बंगालमधील सालबोनी हे इतर तीन छापखाने.

बोटाला लागणाऱ्या त्या खरखरीकडे मी डॉक्टर म्हणून वेगळ्या नजरेने पाहतो. दवाखान्यात येणाऱ्या म्हाताऱ्या बायका नोट अंकावरून नव्हे, रंगावरून ओळखतात. मोतीबिंदू वाढला की रंगही जातो आणि उरतो फक्त स्पर्श. १९९६ च्या मालिकेत शंभरची नोट १५७ मिलिमीटर लांब होती आणि पाचशेची १६७. बोटांच्या पेरांनी तो फरक कळत असे. आता शंभर १४२, दोनशे १४६ आणि पाचशे १५० अशा आहेत. फरक फक्त ४ मिलिमीटरचा. त्यासाठी कडेला उठावाच्या तिरप्या रेघा दिल्या आहेत : शंभरला चार, दोनशेला चार रेघा आणि मध्ये दोन वर्तुळे, पाचशेला पाच. पण नोट जुनी झाली की उठाव झिजतो. अंधांच्या राष्ट्रीय संघटनेला याच अडचणीसाठी मुंबई उच्च न्यायालयात जावे लागले. नोट सुंदर किती, यापेक्षा ती अंध माणसाला फसू देते का, हा मला मोठा प्रश्न वाटतो.

शेवटी भाषेकडे येतो. नोटेच्या मागे पंधरा भाषांची पट्टी आहे. भाषांच्या नावांच्या इंग्रजी वर्णक्रमाने ती लावली आहे. वरून आठवी ओळ मराठीची. शंभरच्या नोटेवर समोर हिंदीत ‘एक सौ रुपये’, आणि मागे मराठीत ‘शंभर रुपये’, कोकणीत ‘शंबर रुपया’, नेपाळीत ‘एक सय रुपियाँ’, संस्कृतात ‘शतं रूप्यकाणि’. एकाच देवनागरीत पाच भाषा, आणि प्रत्येकीचा शंभर वेगळा. राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत बावीस भाषा आहेत; त्यांपैकी सिंधी, मणिपुरी, बोडो, डोगरी, मैथिली आणि संथाली या सहा अजून नोटेवर नाहीत.

१ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची फेररचना झाली, नागपूर महाराष्ट्राकडे वाटचाल करू लागले आणि आपण मध्य प्रदेशात राहिलो. ऑक्टोबर २०२३ मध्ये पांढुर्णा जिल्हा झाला. घरात मराठी आणि कचेरीत हिंदी, हे आपल्या अंगवळणी पडले आहे. त्याबद्दल माझी तक्रार नाही, हिंदीनेही आपल्याला पुष्कळ दिले. पण जमिनीच्या कागदांपासून मृत्यूच्या दाखल्यापर्यंतचे आपले सरकारी कागद हिंदीत असताना, आपल्या खिशातल्या प्रत्येक नोटेवर देशाच्या बँकेने मराठीची एक ओळ न मागता ठेवली आहे. ती ओळ आपल्या नातवंडांना वाचता येते का? ‘अडीच’, ‘पावणेदोन’, ‘एकोणसाठ’ हे शब्द त्यांना कळतात का?

नोटेला आपण चलन म्हणतो, कारण ती चालते. पेटीत ठेवलेल्या नोटेचे काय होते ते १९४६, १९७८ आणि २०१६ या तीन वर्षांनी दाखवून दिले. भाषेचेही तसेच आहे. म्हणून माझी एकच विनंती आहे. घरातल्या लहान मुलाच्या हाती खाऊसाठी वीसची नोट द्याल, तेव्हा आधी ती उलटी करा, आठव्या ओळीवर त्याचे बोट ठेवा आणि ‘वीस रुपये’ त्याच्याकडून मोठ्याने वाचून घ्या.