'नामदेव' : एका पुरुषनामाचा अर्थ आणि वारसा

'नाम' आणि 'देव' या शब्दांच्या संयोगातून सिद्ध झालेल्या 'नामदेव' या पुरुषनामात 'नाम हाच देव' हा वारकरी आशय सामावला आहे. संत नामदेवांचे (१२७०-१३५०) परंपरेने मानलेले जन्मस्थान नरसी हे १ मे १९९९ पर्यंत परभणी जिल्ह्यात होते. जिल्हाविभाजनानंतर ते हिंगोलीत गेले. तथापि, परभणीचा या नामाशी असलेला संबंध तुटला नाही. गंगाखेडच्या जनाबाईंनी 'नामयाची दासी' ही नाममुद्रा स्वीकारली. 'नामया' हे याच नामाचे जिव्हाळ्याचे रूप होय. शिंपी कुळातील या संताची ६१ पदे 'गुरु ग्रंथ साहिब'मध्ये समाविष्ट आहेत. विसाव्या शतकात दलित पँथरचे एक संस्थापक, कवी नामदेव ढसाळ यांचेही हेच नाव होते. सारांश, या नामाचा वारसा कोणत्याही एका जातीचा, प्रांताचा वा जिल्ह्याचा नाही.