अल्पकालीन मनोपचार

मनाच्या दुखण्यावर, आधी ठरवून घेतलेल्या मोजक्या बैठकांत, बोलण्यातून करायचा उपचार. पद्धतीनुसार बैठका सहा-आठपासून चाळीसपर्यंत असतात; बहुधा आठवड्यातून एक, पाऊण ते एक तासाची. बोलीत याला सरसकट ‘कौन्सेलिंग’ म्हणतात. मात्र समजूत काढणे, धीर देणे, सल्ला देणे एवढ्याने मनोपचार होत नाही. वर्षानुवर्षे गिळलेली भावना उपचारकासमोर पुरती अनुभवली जावी आणि ती दडवण्यासाठी लागलेल्या सवयी सुटाव्यात, हे त्याचे काम. थोड्या बैठका म्हणजे वरवरची मलमपट्टी, हा समज रुग्णांत आहे तसा काही जाणकारांतही आहे. तो चुकीचा आहे. भावनेला हात किती खोलवर लागला, हे वर्षांच्या हिशेबाने ठरत नाही.

मनोविश्लेषणाचा जनक सिग्मंड फ्रॉइड यानेच सुरुवातीला थोडक्यात उपचार केले होते. 1910 च्या उन्हाळ्यात संगीतकार गुस्टाव माहलर त्याला हॉलंडमधील लायडन येथे भेटला आणि दोघे सुमारे चार तास गावातून फिरत बोलले, उपचार तेवढाच. पुढे मनोविश्लेषण लांबत गेले, आठवड्यातून चार-पाच तास, कित्येक वर्षे. 1920 च्या दशकात शांडोर फेरेन्त्सी आणि ओटो रांक यांनी त्याला हरकत घेतली : जुन्या आठवणी खोदत बसण्यापेक्षा समोर घडणाऱ्या अनुभवाला महत्त्व द्या. 1946 मध्ये शिकागोच्या फ्रांझ अलेक्झांडर आणि थॉमस फ्रेंच यांनी ‘सुधारक भावानुभव’ ही कल्पना मांडली. जुन्या जखमेची परिस्थिती पुन्हा समोर येते, पण या वेळी शेवट निराळा होतो. त्यासाठी अलेक्झांडरने ह्यूगोच्या ‘ले मिझराब्ल’मधील ज्याँ व्हालज्याँचा दाखला दिला. साने गुरुजींच्या ‘दुःखी’ या रूपांतरामुळे हा कैदी मराठी वाचकांच्या ओळखीचा आहे. शिक्षेची अपेक्षा असताना बिशपकडून अनपेक्षित माया मिळते आणि माणूस आतून हलतो.

लंडनच्या टॅव्हिस्टॉक क्लिनिकमधील डेव्हिड मलान याने दोन त्रिकोण प्रचारात आणले. पहिल्याची टोके म्हणजे दडलेली भावना, ती वर येताना होणारी घाबरगुंडी आणि ती झाकणारी सवय. दुसऱ्यात पूर्वीची माणसे, आजची माणसे आणि उपचारक येतात. माँट्रियलच्या हबीब दावानलू याने बैठकांचे चित्रीकरण करून रुग्णाचे उसासे, आवळलेल्या मुठी, वळवलेली नजर यांचा बारीक अभ्यास केला. बॉस्टनचा जेम्स मान 1973 च्या सुमारास बारा बैठकांवर ठाम राहिला. त्याच्या मते शेवट ठरलेला असणे हेच उपचाराचे मुख्य साधन होय.

हे प्रत्यक्षात कसे घडते ते कळावे म्हणून एक कल्पित उदाहरण घेऊ. पाथर्डी तालुक्यातील पस्तिशीचा एक गृहस्थ नगरच्या (आता अहिल्यानगर) सावेडी उपनगरात राहतो, टेम्पो चालवतो. दर दिवाळीला त्याची छाती भरून येते, श्वास अडकतो. ईसीजी, रक्त, एक्स-रे, सगळे नॉर्मल. रिपोर्टांची कॅरीबॅग मांडीवर घेऊन तो बसला आहे. लहानपणी आईवडील दिवाळी उरकली की मुकादमाची उचल फेडायला ऊसतोडीला जायचे आणि तो आजीपाशी राहायचा. हे सांगताना तो हसतो. ‘‘आमच्याकडं सगळ्यांचंच असं असतं, मॅडम.’’

उपचारक म्हणते, ‘‘तुम्ही हसताय, पण पिशवी किती घट्ट धरलीय बघा.’’

तो पिशवीकडे पाहतो. उसासा टाकतो. ‘‘राग कुणावर धरायचा? पोटासाठीच गेले ना ते.’’

सगळी गाठ या वाक्यात आहे. राग आहे, पण ज्यांच्यावर आहे ते निर्दोष. म्हणून राग येताच अपराधी वाटते आणि दोन्ही मिळून छातीत अडकतात. हसू ही झाकणारी सवय. उपचारक ‘झालं गेलं विसरा’ म्हणत नाही. आईवडिलांना नेणारा ट्रॅक्टर निघाला तेव्हा तो कुठे उभा होता, हात कुठे होते, काय ओरडावेसे वाटले, हे ती विचारते. चौथ्या-पाचव्या बैठकीत राग खरोखर येतो, आवाज चढतो. मग रडू कोसळते आणि त्याच्या तळाशी आईची ओढ सापडते. राग, मग दुःख, मग माया, असा क्रम दावानलूच्या नोंदींत वारंवार दिसतो. पुढे एका बैठकीत तो आपणहून सांगतो, की बायको माहेरी गेली की चार दिवस तो तिच्याशी बोलत नाही. जुने आणि आजचे तेव्हा त्याच्या डोळ्यांपुढे जुळते.

मग बैठका संपत येतात. या माणसासाठी उपचार संपणे म्हणजे पुन्हा एकदा कुणीतरी सोडून जाणे. फरक एवढाच, आणि तो मोठा, की या वेळी जाण्याची तारीख पहिल्याच दिवशी सांगितलेली आहे, आणि ‘मला हे आवडत नाही’ असे तोंडावर म्हणता येते. मुदत नसती तर ही संधी आली नसती.

महाराष्ट्रात मर्यादित बैठकांच्या उपचारांपैकी सर्वांत रुजली ती अल्बर्ट एलिस (1913–2007) याची 1955 पासूनची विवेकनिष्ठ पद्धत. प्रा. कि. मो. फडके यांनी एलिसशी दीर्घ पत्रव्यवहार करून ती मराठीत आणली, आणि ठाण्यात 1990 मध्ये सुरू झालेल्या ‘इन्स्टिट्यूट फॉर सायकॉलॉजिकल हेल्थ’चे डॉ. आनंद नाडकर्णी यांनी लेखन-व्याख्यानांतून घरोघर पोचवली. येथे दरवाजा विचारांचा आहे : ‘असे झालेच पाहिजे’ हा हट्ट सोडणे. त्यावरून ही पद्धत भावना मारते असा आक्षेप घेतला जातो. एलिसचे म्हणणे तसे नव्हते. खचवणाऱ्या नैराश्याच्या जागी निरोगी दुःख यावे, दुःखच नाहीसे व्हावे असे नाही.

पुराव्याच्या दृष्टीने आपल्या परिसरातील सर्वांत भक्कम काम गोव्याचे. डॉ. विक्रम पटेल आणि ‘संगात’ संस्थेने दहा प्राथमिक आरोग्य केंद्रांत 495 प्रौढांवर केलेली चाचणी 2017 मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये आली. सर्वांना मध्यम-तीव्र ते तीव्र नैराश्य होते. उपचार देणारे मानसोपचारतज्ज्ञ नव्हते, मानसिक आरोग्याचे पूर्वशिक्षण नसलेली स्थानिक माणसे होती. सहा ते आठ बैठका, केंद्रात किंवा रुग्णाच्या घरी. सुटलेली कामे, भेटीगाठी, आवडीच्या गोष्टी पुन्हा सुरू करण्यावर भर. तीन महिन्यांनी हा उपचार मिळालेल्या गटातील 64 टक्के लोक नैराश्यातून बाहेर होते, नेहमीचीच सेवा सुधारून मिळालेल्या गटात 39 टक्के. वर्षाने हे आकडे 63 आणि 48 होते. म्हणजे फायदा टिकला, पण अंतर कमी झाले. दोन्ही गोष्टी सांगायला हव्यात. शिवाय ही पद्धत बाहेरून आत जाते, कृतीतून मनाकडे. तिने वर सांगितलेल्या उदाहरणासारखी जुनी गाठ सुटतेच असे या आकड्यांवरून म्हणता येत नाही.

अमेरिकेत केनेथ हॉवर्ड आणि सहकाऱ्यांनी 1986 मध्ये जुन्या अभ्यासांची बेरीज करून दाखवले, की निम्म्या रुग्णांत आठ बैठकांपर्यंत आणि पंचाहत्तर टक्क्यांत सव्वीस बैठकांपर्यंत मोजता येणारी सुधारणा होते. चारांतला एक माणूस मात्र सव्वीस बैठकांनंतरही मागेच राहतो. त्याला ‘तुमचे सेशन संपले’ म्हणून वाटेला लावणे हा अन्याय आहे.

तीव्र मनोविकृती, उन्मादाचा झटका, आत्महत्येचा तातडीचा धोका, दारूची घट्ट पकड या अवस्थांत आधी औषधोपचार आणि सुरक्षितता लागते. घरात मारहाण चालूच असेल, तर जखम अजून होतेच आहे. तिथे बाईला ‘मन मोकळं करा’ सांगण्याआधी सुरक्षित जागा मिळवून द्यावी लागते. घाईने भावना उकरल्यास रुग्ण अधिक बिथरतो, म्हणून घाबरगुंडी किती पेलवते हे पाहतच पुढे सरकायचे असते.

अहिल्यानगर हा क्षेत्रफळाने राज्यातील सर्वांत मोठा जिल्हा : 17,048 चौरस किलोमीटर, 14 तालुके. अकोले तालुक्यातून सावेडीला यायचे तर एसटीचा शंभर किलोमीटरहून अधिक प्रवास आणि दिवसाची मजुरी बुडते. इथे आठ बैठका हीच परवडणारी सीमा असते, आणि म्हणून त्यातली एकही चौकशीच्या गप्पांत घालवू नये. शासनाची प्रादेशिक मनोरुग्णालये ठाणे, येरवडा, नागपूर आणि रत्नागिरी येथे आहेत. 10 ऑक्टोबर 2022 पासून सुरू झालेल्या ‘टेलि-मानस’ सेवेचा क्रमांक 14416 असून त्यावर मराठीत बोलता येते.