प्राध्यापकांचे सेवाविवाद : विद्यापीठाला न्यायालयीन निर्देश

नेमणूक, निलंबन, बडतर्फी, बढती, वेतननिश्चिती किंवा निवृत्तिवेतन यांवरून प्राध्यापक न्यायालयात गेल्यावर विद्यापीठाला दिले जाणारे आदेश. उच्च न्यायालय ते संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली देते. महाराष्ट्रात बडतर्फी व पदावनतीविरुद्ध अपिलासाठी विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरण आहे. त्याची तरतूद महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठे अधिनियम, २०१६ मध्ये आहे.

खासगी नोकरीचा करार न्यायालय सहसा जबरीने पाळायला लावत नाही, नुकसानभरपाई देते. शामलीच्या वैश्य पदवी महाविद्यालयाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हा नियम सांगून त्याचे तीन अपवाद मानले : सरकारी सेवक, औद्योगिक कायद्याखालचा कामगार आणि कायद्याने स्थापन झालेल्या संस्थेने कायदा मोडून काढलेला कर्मचारी. ते महाविद्यालय नोंदणीकृत सोसायटीचे असल्याने तेथील प्राचार्यांना दाद मिळाली नाही. विद्यापीठ मात्र तिसऱ्या अपवादात बसते.

‘आमची संस्था खासगी आहे’ ही संस्थाचालकांची ढाल अहमदाबादच्या प्रकरणाने बोथट केली. अनादी मुक्त सद्‌गुरू ट्रस्टचे विज्ञान महाविद्यालय गुजरात विद्यापीठाला संलग्न होते. कुलपतींच्या निवाड्याप्रमाणे वेतन द्यायची वेळ आल्यावर ट्रस्टने शिक्षक कमी करायला घेतले. विद्यापीठाने परवानगी नाकारली, तेव्हा १९७५ मध्ये महाविद्यालयच बंद केले. थकबाकी देण्याची जबाबदारी ट्रस्टवर येते, कारण सार्वजनिक कर्तव्य करणाऱ्या कुठल्याही संस्थेविरुद्ध परमादेश, म्हणजे कर्तव्य पार पाडण्याचा आदेश, निघू शकतो, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये ठरवले. निर्णय न्याय्य होता. पण महाविद्यालय बंद पडून तोवर चौदा वर्षे लोटली होती.

निवड समितीच्या विद्याविषयक मतात न्यायालये सहसा हात घालत नाहीत. म्हैसूर विद्यापीठाच्या इंग्रजी प्रपाठकपदाच्या खटल्यापासून ही भूमिका रूढ आहे. म्हणून बहुतेक निकाल ‘पद द्या’ असे न म्हणता ‘अर्जाचा फेरविचार करून ठरावीक मुदतीत सकारण निर्णय घ्या’ असे म्हणतात. कित्येकदा विद्यापीठ जुनाच नकार नव्या कागदावर उतरवते आणि प्राध्यापक पुन्हा पहिल्या पायरीवर येतो. न्यायालयाने नकाराची कारणे आधीच तपासली असतील, तर थेट आदेश देणेच योग्य.

बडतर्फी बेकायदा ठरली तर मागील वेतनाचा प्रश्न येतो. औरंगाबादच्या क्रांती कनिष्ठ अध्यापक महाविद्यालय प्रकरणात (२०१३) सर्वोच्च न्यायालयाने शिक्षिकेला पूर्ण वेतन दिले. या काळात आपण कुठेही नोकरीत नव्हतो, एवढे कर्मचाऱ्याने शपथेवर सांगावे. तो नोकरीत होता हे सिद्ध करण्याचा भार मालकावर, असा दंडक त्यातून पक्का झाला. तासिका तत्त्वावरील अध्यापकांची स्थिती याहून कठीण, कारण त्यांची नेमणूकच मुदतीची असते.

निकालाची प्रमाणित प्रत विद्यापीठाच्या आवक विभागात देऊन शिक्का व तारखेसह पोच घ्यावी. निर्देश पाळले नाहीत तर अवमान याचिकेत तीच कामी येते. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ नुसार ही कार्यवाही अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत सुरू व्हावी लागते.